सुरतेचा समुद्र आणि मराठ्यांचे आरमार

उधन्यातल्या मराठी घरात सुरत आणि शिवाजी महाराज ही दोन नावे एकत्र आली की पुढचा शब्द ठरलेला असतो : लूट. गुजराती मित्रांच्या शेजारी बाकावर बसणाऱ्या आपल्या मुलांच्या कानावर हा शब्द कधी अभिमानाने पडतो, कधी टोमण्याने. दोन्ही वेळा गोष्ट घोड्यावर बसून येते आणि चार दिवसांत परत जाते. तिच्यातला समुद्र कोणी सांगत नाही. सुरत श्रीमंत झाली होती ती जहाजांमुळे, आणि सुरतेहून परतल्यावर महाराजांनी त्याच वर्षी हाती घेतलेले मोठे काम होते जलदुर्गाचे. पुढची शंभर वर्षे सुरत आणि मराठे यांचा जो संबंध आला, त्याचा मोठा भाग समुद्रावर घडला. ती बाजू या वर्षीच्या स्मरणिकेत मांडावी असे आम्हाला वाटले.

आपल्यापैकी बहुतेकांची मुळे धुळे, जळगाव, नंदुरबारकडची. भुसावळची गाडी तापीच्या खोऱ्यातून आपल्याला उधन्याला आणून सोडते. समुद्र आपल्या आजोबा-पणजोबांच्या बोलण्यात नव्हता. पण खानदेशातला माल मात्र रेल्वे येण्याच्या कितीतरी आधीपासून हीच वाट चालत होता. बऱ्हाणपूरकडून निघालेले बैलांचे तांडे कापड, कापूस आणि नीळ घेऊन सुरतेला येत आणि तिथून तो माल अरबस्तान, इराण आणि युरोपकडे जात असे. शहराच्या जुन्या वेशीचे बऱ्हाणपुरी भागळ हे नाव त्याच वाटेवरून पडले. तेव्हा समुद्राशी आपले नाते अगदीच नवे नाही. आपण त्याच्या मागच्या दाराशी राहत होतो, एवढेच.

सुवाळीची वाळू

तापीचे मुख गाळाने उथळ झालेले असल्याने मोठी जहाजे शहरापर्यंत येत नसत. ती हजिऱ्याजवळ सुवाळीच्या किनाऱ्याआड नांगरून राहत आणि माल लहान होड्यांतून किंवा बैलगाड्यांतून शहरात येई. आज आपण सुटीच्या दिवशी मुलांना घेऊन सुवाळीला जातो तेव्हा समोर दिसणाऱ्या पाण्यात एके काळी मोगल बादशहाची, सुरतेच्या शेठांची, पोर्तुगीजांची, डचांची आणि इंग्रजांची जहाजे उभी असत. मक्केला जाणारे यात्रेकरू इथूनच निघत.

इंग्रजांचा हिंदुस्थानातला पायही याच पाण्यात रोवला गेला. १६१२ च्या अखेरीस कॅप्टन थॉमस बेस्ट ‘रेड ड्रॅगन’ आणि ‘होझिअँडर’ ही दोन जहाजे घेऊन सुवाळीसमोर आला. पोर्तुगीजांची चार मोठी गलियन जहाजे त्याच्यावर चालून आली. संख्येने आणि आकाराने पोर्तुगीज भारी होते, पण वाळूच्या दांड्यांमध्ये त्यांची अवजड जहाजे अडखळली आणि बेस्टची हलकी जहाजे तोफा डागून निसटत राहिली. पोर्तुगीजांना मागे हटावे लागले. लगोलग इंग्रजांना सुरतेत वखार घालण्याची परवानगी मिळाली. मोगलांकडे लाखांची फौज होती, पण समुद्र राखायला स्वतःचे आरमार नव्हते. जो समुद्रावर दुसऱ्याला हरवील त्याच्याशी जमवून घ्यायचे, एवढेच त्यांच्या हाती होते. जंजिऱ्याचा सिद्दी पुढे मोगलांचा आरमारी सरदार झाला आणि त्याच्या खर्चाची तरतूद सुरतेच्या महसुलातून होऊ लागली, त्यामागे हीच अडचण होती.

जानेवारी १६६४

५ जानेवारी १६६४ रोजी शिवाजी महाराज गणदेवीपर्यंत आल्याची बातमी सुरतेत पोहोचली. गणदेवी आपल्या दक्षिणेला. फौज आली ती आजच्या उधन्याच्या अंगाने. दुसऱ्या दिवशी महाराजांचा तळ बऱ्हाणपूर दरवाजाबाहेर पडला. सुरतेचा मोगल अधिकारी इनायतखान शहर वाऱ्यावर सोडून किल्ल्यात जाऊन बसला. त्याआधी तीन वर्षे शाहिस्तेखानाच्या फौजेने पुणे प्रांत तुडवून काढला होता. त्या नुकसानीची भरपाई मोगलांच्या सर्वांत श्रीमंत बंदरातून करून घ्यायची, हा हिशेब उघड होता. वीरजी व्होरासारख्या बड्या शेठांची घरे आणि गुदामे फोडली गेली. शहराचा मोठा भाग जळाला. यात सामान्य सुरतकर भरडले गेले, हे नाकारण्याचे आपल्याला काही कारण नाही. फादर अँब्रोज या ख्रिस्ती साधूच्या मठाला मात्र महाराजांनी धक्का लावू दिला नाही, ही नोंद बर्निये या फ्रेंच प्रवाशाने केली आहे, तीही मुलांना सांगावी.

या चार दिवसांत दोन गोष्टी मराठ्यांच्या हाती आल्या नाहीत. एक किल्ला आणि दुसरी जहाजे. इंग्रज वखारीचा प्रमुख जॉर्ज ओक्झेंडन याने सुवाळीला उभ्या असलेल्या जहाजांवरचे खलाशी शहरात आणून वखारीभोवती उभे केले आणि ती वाचवली. घोडदळ समुद्राच्या काठापर्यंत पोहोचू शकत होते. सुरतेची खरी दौलत मात्र काठापलीकडे पाण्यावर तरंगत होती, आणि तिथे घोडा चालत नव्हता.

आरमाराचा आरंभ याआधीच झाला होता. १६५७ च्या अखेरीस कल्याण-भिवंडी ताब्यात आल्यावर महाराजांनी तिथल्या खाडीत जहाजे बांधायला घेतली होती. पण सुरतेनंतर कामाची चाल बदललेली दिसते. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये मालवणसमोरच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाचा पाया घातला गेला. सुरतेच्या पैशावर हा किल्ला उभा राहिला, असे परंपरेने सांगितले जाते. फेब्रुवारी १६६५ मध्ये महाराज स्वतः तीन मोठी आणि पंच्याऐंशी लहान जहाजे घेऊन मालवणहून निघाले आणि कर्नाटकातल्या बसरूर बंदरावर उतरले. सुरतेनंतर अवघ्या तेरा महिन्यांत हे घडले.

गुराब, गलबत आणि त्यांवरची माणसे

मराठ्यांची जहाजे युरोपियनांच्या जहाजांपुढे लहान होती. लढाऊ जहाजांत मुख्य दोन प्रकार. गुराबाला दोन किंवा तीन डोलकाठ्या असत, आणि मोठे गुराब तीनशे टनांपर्यंतचे असे. त्याची नाळ लांब आणि ठेंगणी असून तिच्या रोखाने पुढे मारा करणाऱ्या दोन तोफा बसवलेल्या असत. गलबत त्याहून लहान, फार तर सत्तर टनांचे. त्याला शिडाबरोबर चाळीस-पन्नास वल्हीही असत. वारा पडला की शत्रूचे मोठे जहाज जागच्या जागी डुलत राही आणि वल्ह्यांची गलबते गुराबांना दोरखंडाने ओढत त्याच्या पिछाडीला नेत. व्यापारी जहाजाच्या पिछाडीला तोफा कमी असतात. तिथून त्याच्या डोलकाठ्या आणि शिडे तोडायची, ते पांगळे झाले की गलबतांतली दोन-तीनशे माणसे चारही बाजूंनी चढवायची, ही रीत.

ही माणसे कोण? कोळी, भंडारी, गाबीत, खारवी आणि किनाऱ्यावरचे मुसलमान दर्यावर्दी. ज्यांची नावे दरबारी कागदांत सहसा येत नाहीत, त्यांच्या हातांवर हे आरमार चालले. सुदैवाने काही नावे उरली. दौलतखान, दर्यासारंग आणि मायनाक भंडारी ही त्यांतली.

मायनाक भंडारीची गोष्ट सुरतेशीही जोडलेली आहे. १६७९ च्या पावसाळ्याअखेर तो दीडशे माणसे आणि चार लहान तोफा घेऊन मुंबईच्या तोंडावरच्या खांदेरी बेटावर उतरला आणि तट बांधू लागला. मुंबई तेव्हा सुरतेच्या इंग्रज वखारीच्या हुकमतीखाली होती. मुंबईचे अधिकारी घाबरून पत्रे लिहीत ती सुरतेला. बेटाची नाकेबंदी करायला इंग्रजांनी जहाजे पाठवली, पण रात्रीच्या अंधारात आणि पडत्या वाऱ्यात मराठ्यांच्या होड्या त्यांच्या मधून निसटून बेटावर चुना, दगड आणि धान्य पोहोचवत राहिल्या. १८ ऑक्टोबरला दौलतखानाच्या आरमाराने उघड लढाई दिली. इंग्रजांचे ‘डव्ह’ हे जहाज मराठ्यांनी पकडले, पण ‘रिव्हेंज’ने टिकाव धरला आणि मराठी आरमाराला नागोठण्याच्या खाडीत मागे जावे लागले. म्हणजे त्या दिवसाची लढाई मराठ्यांनी निर्विवाद जिंकली असे म्हणता येत नाही. तरीही बेट हातचे गेले नाही. शेवटी इंग्रजांनी तह करून खांदेरीवरचा मराठ्यांचा ताबा सोसला. रोज थोडे थोडे दगड वाहून नेणाऱ्या होड्यांचा हा विजय होता.

चाचा कोण आणि सरखेल कोण

जहाज मोठे असले म्हणजे पुरते असे नाही, हा धडा सुरतेला १६९५ साली मिळाला. बादशहाचे ‘गंज-ए-सवाई’ हे प्रचंड जहाज मोखा बंदराहून यात्रेकरू आणि व्यापाराचा पैसा घेऊन सुरतेकडे येत होते. ऐंशी तोफांच्या या जहाजावर हेन्री एव्हरी हा इंग्रज चाचा आपल्या ‘फॅन्सी’ जहाजाने चालून आला. ‘गंज-ए-सवाई’वरची एक तोफ फुटून आपलीच माणसे मेली, मुख्य डोलकाठीवर मारा लागला आणि गोंधळ माजला. जहाजाचा सरदार इब्राहिमखान याने ऐन वेळी कच खाल्ली, असे खाफीखान या इतिहासकाराने लिहून ठेवले आहे. यात्रेकरूंवर, विशेषतः बायकांवर, जे अत्याचार झाले त्यांनी सुरत पेटून उठली. इंग्रज वखारीतल्या लोकांना बेड्या पडल्या. एव्हरीला पकडण्यासाठी इंग्लंडमध्ये बक्षीस लागले, पण तो कधीच सापडला नाही.

हा खरा चाचा. पण इंग्रजांच्या कागदांत हाच शब्द कान्होजी आंग्र्यांसाठीही येतो, आणि शाळेच्या पुस्तकांतूनही पुष्कळ दिवस तो तसाच शिकवला गेला. कान्होजींनी काय केले होते? कोकणच्या किनाऱ्याने जाणाऱ्या प्रत्येक व्यापारी जहाजाने मराठ्यांचे दस्तक, म्हणजे परवाना, घेतला पाहिजे असा त्यांचा नियम होता. दस्तक नसेल तर जहाज जप्त. पोर्तुगीज हेच दीडशे-दोनशे वर्षे करत आले होते. त्यांच्या परवान्याला कार्ताझ म्हणत. इंग्रजही आपले परवाने देत होते. एकच काम पोर्तुगीजांनी केले तर तो कायदा, इंग्रजांनी केले तर व्यापाराचे रक्षण आणि मराठ्यांनी केले तर चाचेगिरी. किनारा ज्याचा, त्या किनाऱ्यासमोरच्या पाण्यावर अधिकारही त्याचा, एवढेच कान्होजींचे म्हणणे होते. सुरतेच्या व्यापाऱ्यांना या भांडणाचा ताप होई, कारण एकाचे दस्तक घेतले की दुसरा अडवी. पण समुद्राला मालक नाही आणि ज्याची तोफ मोठी त्याचा तो, या न्यायाला उत्तर देणारी इथली एक सत्ता ती ही होती.

१७१२ साली कान्होजींच्या माणसांनी मुंबईच्या गव्हर्नरचे खासगी जहाजच पकडले. त्यावरच्या एका इंग्रज बाईच्या सुटकेसाठी कंपनीला तीस हजार रुपये मोजावे लागले. १७१७ मध्ये विजयदुर्गावर आणि १७१८ मध्ये खांदेरीवर इंग्रज चालून गेले आणि हात हलवत परतले.

एकत्र असताना आणि फुटल्यावर

आमच्या मते या सगळ्या इतिहासाचे मर्म दोन तारखांत आहे.

पहिली डिसेंबर १७२१. इंग्रज आणि पोर्तुगीज एकत्र येऊन कान्होजींच्या कुलाब्यावर, म्हणजे अलिबागवर, चालून आले. कमोडोर मॅथ्यूज इंग्लंडच्या राजाची लढाऊ जहाजे घेऊन आला होता. जमिनीवरून हजारोंची फौज होती. पण त्याआधी काही वर्षे बाळाजी विश्वनाथाने कान्होजींशी बोलणी करून त्यांना शाहू महाराजांच्या पक्षात आणले होते. त्या शहाणपणाचे फळ या वेळी मिळाले. कुलाब्यावर संकट येताच बाजीराव आणि पिलाजी जाधव घोडदळ घेऊन कोकणात उतरले. किल्ला आंग्र्यांनी लढवला, मैदान घोडदळाने. इंग्रजांचा हल्ला फसला, पोर्तुगीजांनी वेगळा तह केला आणि दोघे दोस्त एकमेकांना दोष देत परत गेले. घोडा आणि गलबत एका बाजूला उभे राहिले की काय होते, ते त्या दिवशी दिसले.

दुसरी तारीख १२ फेब्रुवारी १७५६. कान्होजी १७२९ मध्ये वारले होते. मुलांमध्ये भाऊबंदकी माजली. धाकटे तुळाजी शूर होते. १७५४ मध्ये त्यांनी डचांची तीन जहाजे गाठली, त्यांतली दोन जाळली आणि एक पकडले. पण ते पेशव्यांना जुमानत नव्हते, आणि कोकणातल्या आपल्याच माणसांच्या मुलखाला त्यांचा उपद्रव होत होता. नानासाहेब पेशव्यांनी त्यांचा बंदोबस्त करण्यासाठी इंग्रजांशी करार केला. १७५५ मध्ये कमोडोर जेम्सने सुवर्णदुर्ग घेतला. पुढच्या वर्षी ॲडमिरल वॉटसनचे आरमार आणि क्लाइव्हची फौज विजयदुर्गासमोर आली. जमिनीवरून पेशव्यांचे सैन्य होते. तुळाजी पेशव्यांच्या छावणीत आले होते, बोलणी चालू होती. इंग्रजांनी ती पुरी होण्याची वाट पाहिली नाही. तोफांच्या माऱ्यात एका जहाजाला आग लागली, तिथून ती शेजारच्या जहाजांवर गेली आणि बंदरात एकमेकांना बांधून ठेवलेले आंग्र्यांचे सगळे आरमार एका संध्याकाळी जळून गेले. दुसऱ्या दिवशी किल्ला पडला. आत सापडलेली सुमारे दहा लाखांची मत्ता इंग्रजांनी आपसात वाटून घेतली. तुळाजींचे उरलेले आयुष्य कैदेत गेले. पेशव्यांना किल्ला मिळाला तोही काही महिन्यांनी, बाणकोट आणि दहा गावे इंग्रजांना देऊन.

दोष कोणाचा, यावर इतिहासकार आजही वाद घालतात. तुळाजींची मगरूरी खरी होती आणि पेशव्यांची अडचणही खरी होती. पण घरातला तंटा मिटवायला बाहेरचा बोलावला आणि त्याने तंट्याबरोबर घरच जाळले, हे दोन्ही बाजूंना लागू आहे.

या आगीची धग सुरतेपर्यंत आली. अवघ्या तीन वर्षांनी, ४ मार्च १७५९ रोजी, इंग्रजांनी तापीकाठचा सुरतेचा किल्ला सिद्दीकडून घेतला. बुरुजांवर मोगलांचे आणि कंपनीचे अशी दोन निशाणे लागली. सिद्दीकडे असलेला मोगल आरमाराचा अधिकार आणि त्याचा तनखाही कंपनीकडे गेला. पश्चिम किनाऱ्यावर इंग्रजांना अडवू शकणारे मोठे आरमार १७५६ मध्ये जळाले होते. मग सुरत घेताना त्यांना समुद्राकडून धास्ती कोणाची होती?

मराठी आरमार त्यानंतरही पुरते संपले नाही. पेशव्यांचा आरमारी सुभा विजयदुर्गावर राहिला आणि ८ एप्रिल १७८३ रोजी आनंदराव धुळपांनी रत्नागिरीच्या बाजूला ‘रेंजर’ हे इंग्रजांचे लढाऊ जहाज निकराच्या लढाईनंतर पकडले. आपल्या जवळ, बिलिमोऱ्याच्या बंदरात, बडोद्याच्या गायकवाडांचे छोटे आरमार असे. पण किनाऱ्यावर कोणाचे दस्तक चालणार, हा प्रश्न तोपर्यंत निकालात निघाला होता.

आपल्या मुलांना सांगताना

मुलांना सुरतेची गोष्ट सांगताना ती १० जानेवारी १६६४ ला थांबवू नये, असे आम्हाला वाटते. तिथे थांबलो तर उरते ती लूट आणि तिच्याबद्दलचा अभिमान किंवा संकोच. पुढे गेलो तर दिसते की त्या चार दिवसांनंतर एका डोंगरी राज्याने समुद्र आपला मानला, भंडारी-कोळ्यांच्या पोरांना जहाजांचे सरदार केले आणि युरोपच्या आरमारांना शंभर वर्षे हिशेबात धरायला लावले. आणि हेही दिसते की ते आरमार शत्रूच्या बळाने जितके बुडाले, तितकेच आपसातल्या फुटीने.

ही गोष्ट गुजराती शेजाऱ्यालाही परकी वाटू नये. समुद्रावरचे शब्द दोघांचे एकच आहेत. खलाशी, सारंग, तांडेल, मचवा हे शब्द सुरतेच्या धक्क्यावरही होते आणि मालवणच्याही. वलसाड-नवसारीकडे तांडेल हे आजही आडनाव आहे. नारळी पौर्णिमेला नारळ दोन्ही किनाऱ्यांवर वाहिला जातो, आणि त्यानंतर तीनेक आठवड्यांत आपले गणपती बसतात.

सुरतेचा किल्ला आता दुरुस्त होऊन लोकांसाठी खुला झाला आहे. उधन्याहून तो अर्ध्या तासाच्या वाटेवर आहे. मुलांना तिथे न्यावे आणि नदीकडे तोंड करून उभे करावे. दिवाळीच्या सुटीत गावाकडे जाणे होतेच. एखाद्या वर्षी विजयदुर्गाची वाट धरावी. एका किल्ल्यावर दोन निशाणे कशी लागली, याचे उत्तर दुसऱ्या किल्ल्याच्या बंदरात आहे. ते मुलांनी स्वतः विचारावे आणि आपण त्यांना पुरते, काही न लपवता सांगावे.